बदली होण्याआधी आणि आदेश हातात आल्यावर: नव्या कर्मचाऱ्यांसाठी

सरकारी नोकरीत नव्याने रुजू झालेल्यांना बदलीबद्दल पहिला सल्ला मिळतो तो ‘ओळख काढा’ असा. ओळखीआधी कायदा वाचावा. महाराष्ट्रात शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचा २००५ चा अधिनियम आहे, तो १ जुलै २००६ पासून लागू झाला. एका विभागातून दुसऱ्या विभागात नेमणूक ही या कायद्याच्या दृष्टीने बदलीच. पोलिसांच्या बदल्या मात्र महाराष्ट्र पोलीस अधिनियमाखाली होतात.

गट अ, ब आणि क साठी एका पदावरचा सामान्य कार्यकाळ ३ वर्षे. मंत्रालयाबाहेरच्या गट क कर्मचाऱ्याने एकाच कार्यालयात किंवा विभागात दोन कार्यकाळ, म्हणजे ६ वर्षे काढली की त्याला दुसरीकडे पाठवायचे. मंत्रालयातल्या लिपिकाला एका पदावर ३ वर्षांपेक्षा जास्त आणि एका विभागात सलग दोन कार्यकाळांपेक्षा जास्त ठेवायचे नाही. गट ड ला ठराविक कार्यकाळ नाही.

बदलीपात्र कर्मचाऱ्यांची यादी दरवर्षी जानेवारीत तयार व्हायला हवी आणि बदल्या एप्रिल-मेमध्ये. (काही वर्षी शासन निर्णयाने ही मुदत पुढे जाते.) यादीत रुजू झाल्याची तारीख चुकली, तर आस्थापना शाखेला सेवापुस्तकातील नोंदीच्या प्रतीसह तेव्हाच लेखी कळवा. मे महिन्यात आदेश निघाल्यावर ही चूक दाखवणे फार जड जाते. समुपदेशनाने (म्हणजे रिक्त पदांतून कर्मचाऱ्यालाच पद निवडायला लावून) बदल्या होत असतील, तर रिक्त पदांची यादी आधी प्रसिद्ध झाली आहे का हे बघा. समुपदेशनाच्या दिवशी सोयीची पदे यादीतून गायब असतील, तर हरकत त्याच दिवशी लेखी द्या आणि आवक क्रमांक घ्या. तोंडी तक्रारीची नोंद कुठेच राहत नाही.

आता दोन शब्द, जे जुने कर्मचारीही एकमेकांत मिसळतात. मध्यावधी म्हणजे एप्रिल-मे सोडून इतर वेळी झालेली बदली, मुदतपूर्व म्हणजे कार्यकाळ संपण्याआधी झालेली. मध्यावधी बदली सेवानिवृत्ती, पदोन्नती वगैरेंमुळे पद रिकामे झाले तर होऊ शकते. एरवी त्यासाठी अपवादात्मक परिस्थिती किंवा विशेष कारण लागते, ते लेखी नोंदवून वरच्या प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता घ्यावी लागते. मुदतपूर्व बदलीला कलम ४(५): विशेष बाब, लेखी कारण, लगतच्या वरिष्ठ बदली प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता. नुसते ‘प्रशासकीय कारणास्तव’ एवढेच टिपणीत असेल, तर तो आदेश कमकुवत आहे.

हे तपासायला माहितीचा अधिकार वापरा. ‘माझी बदली का केली?’ असे विचारलेत तर उत्तर येणार नाही, कारण तिथे अभिलेख मिळतो, खुलासा मिळत नाही. बदली प्रस्तावाची टिपणी, बदल्यांची शिफारस करणाऱ्या नागरी सेवा मंडळाच्या बैठकीचे इतिवृत्त आणि पूर्वमान्यतेचे पत्र यांच्या प्रती मागा. शुल्क १० रुपये, अर्ज १५० शब्दांत आणि एकाच विषयावर; माहितीसाठी मुदत ३० दिवसांची.

पण ३० दिवसांत कार्यमुक्त करून टाकतात, म्हणून मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जायचे असेल तर प्रतींसाठी थांबू नका. अर्ज १ वर्षाच्या आत करता येतो हे खरे, पण अंतरिम स्थगितीला त्या वर्षाचा उपयोग नाही. तुम्ही नव्या जागी रुजू झालात आणि तुमची जागाही भरली, की स्थगिती मिळणे अवघड होते. आमदाराचे पत्र जोडण्याचा मोह टाळा. वर्तणूक नियम १९७९ मधील नियम २३ प्रमाणे सेवाविषयक बाबीत बाहेरचा दबाव आणणे हीच गैरवर्तणूक ठरते, आणि ते पत्र फाइलमध्ये कायमचे राहते.

स्वतःहून दुसऱ्या विभागात कायमचे जायचे असेल, तर हिशोब वेगळा. संवर्ग (एकाच प्रकारच्या पदांचा गट) बदलला की कायमस्वरूपी समावेशन लागते: दोन्ही नियुक्ती प्राधिकाऱ्यांची संमती, नव्या ठिकाणी रिक्त पद आणि बिंदुनामावलीत (आरक्षणानुसार पदांचा क्रम ठरवणाऱ्या नोंदवहीत) तुमच्या प्रवर्गाची जागा. बहुतेक अर्ज या शेवटच्या अटीवर अडतात, म्हणून आधी तीच विचारा. ज्येष्ठता नव्या संवर्गात तळाला जाते. पदोन्नती जवळ आली असेल, तर घराजवळच्या जागेसाठी ती घालवणे आमच्या मते महागात पडते. प्रतिनियुक्तीत, म्हणजे ठराविक काळासाठी दुसरीकडे काम करताना, मूळ पदावरचा धारणाधिकार (तिथे परतण्याचा हक्क) राहतो, त्यामुळे काही काळाची अडचण असेल तर तोच मार्ग बरा.

विनंती बदलीत प्रवासभत्ता आणि पदग्रहण अवधी (नव्या जागी रुजू होण्यासाठीचे दिवस) मिळत नाही. कार्यमुक्त होताना अंतिम वेतन प्रमाणपत्र घ्या, सेवापुस्तक पाठवल्याचा जावक क्रमांक टिपून ठेवा आणि सेवार्थ या पगाराच्या ऑनलाइन प्रणालीत जुन्या कार्यालयाने तुम्हाला प्रत्यक्ष सोडले आहे का ते विचारा. तिथे नाव अडकले, तर नवे आहरण व संवितरण अधिकारी इच्छा असूनही पगार काढू शकत नाहीत.