स्मार्ट कॅज्युअलची तयारी: आधी बूट काढा

निमंत्रणात पोशाखापुढे ‘स्मार्ट कॅज्युअल’ (म्हणजे ना पुरता औपचारिक, ना अगदी घरगुती) असे लिहिलेले दिसले, की बहुतेक पुरुष आधी शर्टाचा विचार करतात. मीही तोच केला होता, म्हणून ही यादी बुटांपासून सुरू होते. कार्यक्रमाच्या किमान आठ दिवस आधी बूट खोक्यातून काढावेत, पायांत घालावेत आणि घरातल्या घरात नव्हे, तर रस्त्यावर अर्धा तास चालून यावे. नुसते पुसून, पॉलिश करून ठेवल्याने काहीही कळत नाही. माझे तपकिरी लोफर, म्हणजे बिननाडीचे बूट, तीन पावसाळे मुंबईतल्या कपाटात पडून होते आणि वरून अगदी नव्यासारखे दिसत होते. कार्यालयाच्या रात्रीच्या मेजवानीला गेलो असता हॉटेलच्या पायऱ्यांवरच उजव्या बुटाचा तळ खारी बिस्किटासारखा चुरला, आणि डाव्याने जेमतेम दहा मिनिटे दम धरला. असे तळ पॉलियुरेथेन या प्लास्टिकचे असतात. हवेतील दमटपणाने ते आतून विघटित होत जातात, आणि न वापरता ठेवल्याने ते वाचतात हा आपला गैरसमज आहे. अशा वेळी मोचीचा गोंद उपयोगाचा नसतो, कारण ज्याला चिकटवायचे तेच भुसभुशीत झालेले असते. नवा तळ बसवून घ्यावा लागतो आणि त्याला दिवस लागतात. आठ दिवस म्हटले ते याचसाठी.

आता कपड्यांकडे वळू. औपचारिक कार्यालयीन पोशाखाचे नियम ठरलेले असतात: कोट आणि पँट एकाच कापडाचे, फिकट शर्ट, टाय आणि नाडीचे चामडी बूट. तेथे डोके चालवावे लागत नाही. स्मार्ट कॅज्युअलमध्ये मात्र कोट आणि पँट वेगवेगळ्या कापडांचे आहेत हे लांबूनही दिसले पाहिजे, टाय घरी राहतो आणि कॉलर मात्र बहुधा राहते. त्यामुळे लग्नात शिवलेल्या सुटाचा कोट जीन्सवर चढवला की काम झाले, असे ज्यांना वाटते त्यांनी तो विचार आजच सोडावा. सुटाचे कापड गुळगुळीत व किंचित चकाकणारे असते, खांद्यांत भरणी असते. असा कोट जीन्सवर घातला की त्याची पँट धुवायला गेली आहे असेच दिसते. ब्लेझरचा विणकाम दिसणारा पोत, वरून शिवलेले खिसे आणि मऊ खांदे चिनोजबरोबर, म्हणजे साध्या सुती पँटबरोबर, शोभतात. ब्लेझर नसेल तर नसू द्यावा. नीट बसणारा ऑक्सफर्ड कापडाचा, म्हणजे जाडसर विणीच्या सुती कापडाचा, शर्ट पुरतो. जीन्स घालायचीच असेल, तर गडद, न फाटलेली आणि टाचेपाशी गोळा न होणारी असावी. लिननचा शर्ट लोकलच्या गर्दीतून नेल्यास त्याचे काय होते, हे सांगायला नको.

स्त्रियांना हातमागाची सुती साडी किंवा कुर्ता आणि सरळ पँट सहज चालते. पुरुषांच्या कुर्ता-जाकिटालाही खाजगी समारंभात कोणी हरकत घेत नाही, बंदगळा मात्र औपचारिकतेकडे झुकतो. कार्यक्रम जुन्या क्लबात असेल, तर यजमानांना फोन करून नियम आधी विचारून घ्यावेत. एका न्यायाधीशांना वेष्टी (तमिळ पद्धतीचे धोतर) नेसल्यामुळे चेन्नईतील क्लबात प्रवेश मिळाला नाही, तेव्हा तमिळनाडूने २०१४ मध्ये त्याविरुद्ध कायदाच केला, पण तो त्या राज्यापुरता आहे. आणि आपल्याकडे अनवाणी वावरणारे चित्रकार म. फि. हुसेन यांना मुंबईच्या विलिंग्डन क्लबने पायांत काही नाही म्हणून आत घेतले नव्हते. कपड्यांवरून सुरू झालेली गोष्ट पुन्हा पायांवरच येते. कोल्हापुरी चालेल का, हेही त्याच फोनवर विचारावे.

बूट रस्त्यावर घालून चालून आलात का? नसाल, तर पुढचे वाचण्याआधी चालून यावे.

चार दिवस आधी पँटची लांबी शिंप्याकडे ठीक करून घ्यावी, आणि ती त्याच बुटांवर मोजावी. बेल्टचा रंग बुटांशी जुळता असावा. पांढरे खेळाचे मोजे नकोत.

आदल्या रात्री इस्त्री करावी आणि बुटांचा तळ दोन्ही हातांनी वाकवून पाहावा. भेग दिसली किंवा भुगा हाताला लागला, तर तो जोड तेथेच टाकून द्यावा आणि दुसरा काढावा. निघायच्या दिवशी रुमाल, घड्याळ वगैरे नेहमीचेच घ्यावे. तळ दारात पुन्हा एकदा वाकवून पाहावा. मी आता गाडीत दुसरा जोड ठेवतो, आणि तोही दर महिन्याला एकदा घालून फिरतो.