किक मारायची, पण आधी डावा पाय बघा

भाचा अमेरिकेत हायस्कूलच्या अमेरिकन फुटबॉल टीमचा किकर, म्हणजे बॉलला लाथ मारणारा झाला आणि सरावाला होल्डरचं, म्हणजे बॉल जमिनीवर उभा धरायचं काम माझ्या गळ्यात पडलं. दोन सीझन गुडघा टेकून बसलोय, त्यामुळे लाथ कुठे चुकते ते फार जवळून पाहिलंय. एकदा ती माझ्या बोटावरही बसली.

उजव्या पायाने मारत असाल तर बॉलपासून सरळ मागे तीन पावलं, मग डावीकडे दोन. नजर उडवण्याच्या पायावर नको, टेकणाऱ्या पायावर हवी. तो बॉलच्या बाजूला साधारण वीतभर अंतरावर पडला पाहिजे, बोटं गोलकडे. मी गवतावर पांढऱ्या टेपचा तुकडा लावायचो; दहातल्या सहा वेळा भाच्याचा बूट त्याच्या मागेच पडायचा आणि बॉल उजवीकडे निसटायचा. ओल्या मैदानावर आधी बुटाचे खिळे साफ करा. हा पाय घसरला की जांघ धरते आणि पुढचे काही आठवडे बाकावर जातात. लाथ बसते ती पावलाच्या वरच्या टणक हाडाने, बॉलच्या मध्याच्या जरा खाली. बॉलची शिवण गोलकडे फिरवणं होल्डरचं काम. बॉल गेला तरी मान वर नको.

अंतराचा हिशोब सोपा आहे. बॉल समोरच्यांच्या गोलरेषेपासून 25 यार्डांवर असेल तर त्यात 17 मिळवा: 10 एंड झोनचे (गोलरेषेमागची, खांबांपर्यंतची पट्टी), 7 होल्डर मागे बसतो ते. म्हणजे किक 42 यार्डांची. सरावात तेवढं अंतर दहापैकी सात वेळा जात नसेल तर कोचला तसं स्पष्ट सांगा. चौथ्या डाउनला, म्हणजे शेवटच्या प्रयत्नात, पंट करण्यात (हातातला बॉल सोडून लांब मारून समोरच्यांना देण्यात) कमीपणा नाही. पंट लांब गेला पण हवेत टिकला नाही, तर आपली माणसं पोचायच्या आत समोरचा पळत सुटतो. म्हणून मला उंच पंटच आवडतो.

मारताना किकर एका पायावर उभा असतो, म्हणून त्याला नियमाचं कवच आहे. नुसता धक्का लागला तर 5 यार्ड, जोराची धडक बसली तर 15 यार्ड आणि नवा फर्स्ट डाउन, म्हणजे पुन्हा पहिल्यापासून प्रयत्न. मात्र बचाववाल्याचा हात आधी बॉलला लागला आणि मग धडक टळली नाही, तर दंड नाही. उगाच लोळण घेऊ नका, पंचांना कळतं.

किकऑफचं, म्हणजे खेळ सुरू करताना मारायच्या किकचं, गणित वेगळं. दोन्हीकडून भरधाव येणाऱ्यांच्या टकरी फार होत, म्हणून एनएफएलने (तिथली व्यावसायिक लीग) 2024 मध्ये त्याची मांडणीच बदलली. हायस्कूलमध्ये अजून धावत जाऊनच भिडतात, आणि किकर शेवटचा राखणदार. बॉल उडाला की त्याच्याकडे बघत उभं राहू नका, बाजूने कोणीतरी आडवं करतं. पळणाऱ्याला साइडलाइनकडे रेटा. ती रेषा तुमचा बारावा खेळाडू. टॅकल, म्हणजे पळणाऱ्याला पाडणं, खांद्याने, मान वर, डोळे समोर. डोकं खाली घालून घुसलात तर दंड होईलच, मानेचंही काही खरं नाही.

आणि रोज तीस-चाळीस किका पुरे. भाचा ऐकायचा नाही, मग मी बॉल उचलून गाडीत टाकायचो.