जुन्या पीएसपीवर होमब्रू: न उघडता, न बिघडवता

ठाण्यातल्या कितीतरी घरांत माळ्यावरच्या पिशवीत, जुन्या चार्जरांच्या गुंत्यात एखादा पीएसपी, म्हणजे सोनीचा हातात धरून खेळायचा गेम कन्सोल, पडून असतो. कुणाच्या मामांनी दुबईहून आणलेला, कुणी दहावीच्या मार्कांवर मिळवलेला. सोनीने हे यंत्र १२ डिसेंबर २००४ रोजी जपानमध्ये आणलं, २०१४ मध्ये बनवणं थांबवलं आणि जानेवारी २०१५ मध्ये शेवटचं सिस्टिम सॉफ्टवेअर दिलं, आवृत्ती ६.६१. त्यानंतर काही बदललेलं नाही, म्हणून आज या यंत्रावर होमब्रू, म्हणजे हौशी लोकांनी कंपनीच्या परवान्याशिवाय लिहिलेले प्रोग्राम, चालवणं पूर्वीपेक्षा सोपं आहे. आज चाललेली पद्धत पुढच्या अपडेटने बंद पडेल ही भीती नाही. स्क्रू उघडायचा नाही, सोल्डरिंग नाही.

लोक घाबरतात ते ‘हॅक’ या शब्दाला. प्रत्यक्षात पीएसपी मरतो तो फुगलेल्या बॅटरीने, चुकीच्या चार्जरने किंवा अपडेट मध्येच तुटल्याने. त्यामुळे या लेखातला अर्धा भाग सॉफ्टवेअर टाकण्याआधीचाच आहे. तो गाळून थेट खाली जाऊ नका.

कायद्याचं एवढं लक्षात ठेवा. आपल्या कॉपीराइट कायद्यात २०१२ साली आलेलं कलम ६५-अ हे हक्कांचा भंग करण्याच्या हेतूने सुरक्षा-कुलूप तोडणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड सांगतं. हेतू हा त्यातला कळीचा शब्द. स्वतःच्या यंत्रावर मोफत, खुले प्रोग्राम चालवणं वेगळं आणि इंटरनेटवरून गेम उतरवणं वेगळं. दुसऱ्या कामासाठी इथे काही मिळणार नाही.

कोणता पीएसपी आहे ते बघा

मागच्या बाजूला किंवा बॅटरीखाली मॉडेल नंबरचं लेबल असतं. १००० मालिकेचा जाड आणि वजनदार, बॅटरीसकट सुमारे २८० ग्रॅम. स्पीकर पडद्याच्या खालच्या बाजूला. २००० मालिकेचा सुमारे १८९ ग्रॅम. ३००० त्याच्यासारखाच दिसतो, पण पडद्याखाली मायक्रोफोनचं बारीक भोक असतं. मॉडेल नंबरातला शेवटचा आकडा फक्त कुठल्या देशासाठी बनवला ते सांगतो. आपल्या कामात त्याने फरक पडत नाही. पीएसपी गो आणि ई-१००० मध्ये बॅटरी सहज निघत नाही आणि गोला मेमरी कार्डही वेगळं लागतं, म्हणून इथे पहिल्या तिघांबद्दलच बोलतो.

बॅटरी, मग चार्जर

पाठीमागचं झाकण सरकवा आणि बॅटरी बाहेर काढा. टेबलाच्या काचेवर ती आडवी ठेवून बोटाने फिरवा. चांगली बॅटरी घासत थांबते; फुगलेली भोवऱ्यासारखी गरकन फिरते, कारण तिचं पोट पुढे आलेलं असतं. झाकण बसवताना एक कोपरा वर राहत असेल तर तीही तीच खूण. झाकण दाबून बसवण्याचा हट्ट इथे महागात पडतो. अशी बॅटरी चार्ज करू नका, टोचू नका, घंटागाडीत टाकू नका. धातूच्या डब्यात कोरडी वाळू घालून तिच्यात ठेवा, स्वयंपाकघरापासून लांब, आणि ई-कचरा घेणाऱ्या केंद्रात द्या.

नवी घ्यायची तर १००० साठी पीएसपी-११० (१८०० एमएएच) आणि २०००-३००० साठी पीएसपी-एस११० (१२०० एमएएच). या एकमेकींच्या जागी नीट बसत नाहीत. त्याच पातळ आकाराच्या बॅटरीवर ३६०० लिहिलेलं दिसलं तर पैसे लेबलचे आहेत असं समजा. एस११० च्या जागी बसणारी मोठी बॅटरी सोनीनेही काढली होती, पण तिच्यासोबत फुगीर झाकण यायचं.

चार्जर ५ व्होल्टचाच हवा. मूळ चार्जर हरवला म्हणून घरातल्या राउटरचा १२ व्होल्टचा अडॅप्टर पिना बदलून लावायची कल्पना ज्याला सुचेल त्याला आधी त्याच्यावर छापलेलं वाचायला लावा. आणि बॅटरीशिवाय नुसत्या चार्जरवर पीएसपी चालतो हे खरं, पण आज ते करू नका. वायर जरा हलली की यंत्र जागच्या जागी बंद.

पावसाळ्यात आपल्याकडच्या दमट हवेने बॅटरीच्या पट्ट्यांवर मळकट थर चढतो. मेडिकलमधून आयसोप्रोपिल अल्कोहोल आणा, कापसाच्या काडीला लावून पुसा, पूर्ण सुकू द्या. सॅनिटायझर नको, त्यातली चिकट ग्लिसरीन आत राहते.

कार्ड

पीएसपीला मेमरी स्टिक प्रो ड्यूओ लागते. राम मारुती रोडवर किंवा वाशीच्या सेक्टर १७ मध्ये ती मागितली तर “पेनड्राइव्ह देऊ का, काका?” हेच उत्तर मिळायची शक्यता जास्त. त्यापेक्षा मायक्रोएसडीचं प्रो ड्यूओत रूपांतर करणारा एकपदरी अडॅप्टर घ्या. लॅमिंग्टन रोडला किंवा ऑनलाइन मिळतो. दोन कार्डं एकत्र बसवणारे अडॅप्टर टाळा. त्यात डेटा दोघांत वाटला जातो आणि एक कार्ड रुसलं की दोन्हींतलं जातं. १६ किंवा ३२ जीबी पुष्कळ झालं. त्याहून मोठी कार्डं एक्सफॅट पद्धतीने फॉरमॅट केलेली येतात आणि पीएसपीला ती वाचता येत नाहीत, त्याला फॅट३२ लागतं.

स्वस्त कार्डांवर आकार खोटा लिहिलेला असतो. वापरण्यापूर्वी विंडोजवर एच२टेस्टडब्ल्यू किंवा लिनक्सवर एफ३ हा तपासणी प्रोग्राम चालवा. तो पूर्ण कार्ड भरून पुन्हा वाचून बघतो. वेळ खातो, रात्रभर लावून ठेवा. ही तपासणी गाळली आणि नंतर ‘डेटा खराब आहे’ असा निरोप दिसला, की लोक उगाच कस्टम फर्मवेअरला, म्हणजे होमब्रू चालवू देणाऱ्या बदललेल्या सिस्टिम सॉफ्टवेअरला, शिव्या देतात.

मग कार्ड पीएसपीतच फॉरमॅट करा: सेटिंग्ज, सिस्टिम सेटिंग्ज, त्यात फॉरमॅट मेमरी स्टिक. लागणारे फोल्डर यंत्रच बनवतं. जुन्या कार्डावर गेमच्या सेव्ह असतील तर त्याआधी ‘पीएसपी’ फोल्डरमधला ‘सेव्हडेटा’ फोल्डर कॉम्प्युटरवर उचलून ठेवा. मुलाने सातवीत अडीचशे तास खेळून मिळवलेलं ते सगळं त्याच फोल्डरमध्ये असतं आणि परत मिळत नाही.

आवृत्ती

सेटिंग्ज, सिस्टिम सेटिंग्ज, सिस्टिम इन्फर्मेशन. ६.६० किंवा ६.६१ दिसलं तर पुढच्या दोन परिच्छेदांकडे दुर्लक्ष करा; अपडेटची गरज नाही. आकड्यापुढे एम३३, जीईएन किंवा प्रो अशी अक्षरं दिसली तर यंत्र कुणीतरी आधीच बदललेलं आहे; सेकंडहँड पीएसपीत हे सर्रास सापडतं.

जुनी आवृत्ती असेल तर सोनीचीच ६.६१ ची अपडेट फाईल घ्या. ‘पीएसपी’च्या आत ‘गेम’, त्याच्या आत ‘अपडेट’ नावाचा फोल्डर करा आणि त्यात ती ‘ईबूट’ फाईल ठेवा. सगळी नावं कार्डावर इंग्रजी मोठ्या अक्षरांत हवीत. मग पीएसपीवर गेम मेनूत मेमरी स्टिक उघडून ती चालवा.

या सगळ्या प्रकरणात सर्वांत धोक्याचं पाऊल हेच आहे, आणि ते कंपनीचं अधिकृत आहे. यंत्राच्या आतली फ्लॅश मेमरी पुन्हा लिहिली जात असते. वीज तुटली तर यंत्र उठत नाही. बॅटरी पूर्ण भरलेली आणि चार्जर लावलेला, दोन्ही हवंच. घोडबंदरच्या टॉवरमध्ये राहता म्हणून निर्धास्त राहू नका. सोसायटीचा जनरेटर बहुधा लिफ्टसाठी आणि जिन्यातल्या दिव्यांसाठी असतो, तुमच्या सॉकेटसाठी नाही. पावसाळी दुपारी लाइट जाऊन-येऊन असतील तर काम दुसऱ्या दिवसावर टाका. १००० आणि सुरुवातीच्या २००० यंत्रांना खास बनवलेल्या ‘पँडोरा’ बॅटरीने उठवता येतं. ३००० ला अशी सोपी सोय नाही.

आर्क-४ टाकणं

आज चालू विकासात असलेलं कस्टम फर्मवेअर म्हणजे आर्क-४. ते गिटहब या प्रोग्रामचा कोड ठेवण्याच्या वेबसाइटवरच्या त्याच्या मूळ प्रकल्पातूनच घ्या, व्हिडिओखालच्या लिंकवरून नाही. झिप फाईल मिळते. या कामासाठी कॉम्प्युटरवर कुठलाही इन्स्टॉलर चालवावा लागत नाही. कुणी चालवायला सांगत असेल तर तिथून निघा.

पीएसपी मिनी-यूएसबी केबलने जोडा (मोबाइलची मायक्रो नाही, त्याआधीची जाड पिन) आणि सेटिंग्जमधून यूएसबी कनेक्शन सुरू करा. झिप उघडली की दोन गोष्टी महत्त्वाच्या. ‘आर्क’, अंडरस्कोअर आणि ०१२३४ असं नाव असलेला फोल्डर ‘पीएसपी’मधल्या ‘सेव्हडेटा’त जातो. ‘आर्क लोडर’ नावाचा फोल्डर ‘गेम’मध्ये जातो. अदलाबदल झाली तर काही बिघडत नाही, फक्त काही घडत नाही. कॉम्प्युटरवरून कार्ड नीट इजेक्ट करा, मगच केबल काढा.

आता गेम मेनूत मेमरी स्टिकमध्ये आर्क लोडर दिसेल. चालवा. काळ्या पडद्यावर अक्षरांच्या काही ओळी येतात, पडदा क्षणभर अंधारतो आणि नेहमीचा मेनू परत येतो. अरे, काहीच झालं नाही, असं वाटतं. सिस्टिम इन्फर्मेशन उघडा. आवृत्तीच्या ओळीत आर्कचं नाव आलेलं असेल. मध्येच अडकलं तर पॉवरची पट्टी वर धरून ठेवा, यंत्र पूर्ण बंद होऊ द्या आणि पुन्हा लोडर चालवा. पहिल्या फटक्यात न लागणं हा दोष नाही.

जपानी यंत्रांत ‘हो’ म्हणायला गोल बटण असतं आणि इतर बहुतेक ठिकाणी फुली, एवढं ध्यानात असू द्या.

कायमचं करू नका

हा बदल तात्पुरता आहे. यंत्र पूर्ण बंद केलं की ते पुन्हा कंपनीच्या मूळ मार्गाने सुरू होतं आणि लोडर परत चालवावा लागतो. पट्टी नुसती एकदा वर करून स्लीपमध्ये टाकलं तर आर्क टिकतं. लोकांना हे कटकटीचं वाटतं आणि ते कायमस्वरूपी बूट बदलणाऱ्या साधनांकडे वळतात. माझं मत स्पष्ट आहे: ३००० वाल्याने तरी तिकडे जाऊ नये. पाच सेकंदांचा त्रास वाचवण्यासाठी सुरू होण्याच्या मार्गालाच हात घालायचा, हा सौदा मला कधी पटला नाही. तात्पुरत्या पद्धतीत काहीही गोंधळ झाला तरी यंत्र बंद करून चालू करणं हाच उपाय असतो.

प्लगिनच्या, म्हणजे आर्कला जोडायच्या छोट्या पूरक प्रोग्रामच्या, बाबतीतही घाई नको. एका वेळी एकच टाका. यंत्र मेनूपर्यंत पोचत नसेल तर लोडर चालवताना आर बटण दाबून धरा. रिकव्हरी मेनू उघडतो आणि तिथून प्लगिन बंद करता येतात.

मग काय चालवायचं

प्रत्येक होमब्रू प्रोग्राम आपापल्या फोल्डरात येतो आणि आत एक ‘ईबूट’ फाईल असते. तो फोल्डर उचलून ‘गेम’मध्ये ठेवला की झालं. सुरुवातीला स्कमव्हीएम टाका. जुने पॉइंट-अँड-क्लिक गेम चालवणारा हा प्रोग्राम पीएसपीवर निघाला आहे आणि ‘बिनीथ अ स्टील स्काय’ हा १९९४ चा गेम त्याच्यासाठी २००३ पासून मालकांनीच मोफत दिला आहे. पडदा ४.३ इंची, ४८० बाय २७२ पिक्सेलचा. संवाद वाचता येतात, आणि ठाणे ते वाशी ट्रान्स हार्बरला बसायला जागा मिळाली तर त्याचा एखादा प्रसंग आरामात पार पडतो. डूम या गेमचा सोर्स कोड १९९७ मध्ये खुला झाला, त्याचीही रूपं पीएसपीसाठी आहेत. सोबत फ्रीडूम या प्रकल्पाच्या मोफत गेम-फाईली घ्या. काही गोष्टी रडतखडत चालतात. १००० मध्ये ३२ एमबी मेमरी आहे, पुढच्या दोघांत ६४, त्यामुळे तोच प्रोग्राम एका घरात पळतो आणि दुसऱ्या घरात अडखळतो.

मेनूत असताना सिलेक्ट दाबलं की आर्कची यादी उघडते. प्रोसेसरचा वेग २२२ वरून ३३३ मेगाहर्ट्झ करण्याची सोय तिथेच आहे. ३३३ ही यंत्राचीच वरची मर्यादा आहे, ओव्हरक्लॉकिंग नव्हे, पण बॅटरी लवकर उतरते.

याच यादीत यूएसबी डिव्हाइसच्या जागी यूएमडी डिस्क (पीएसपीची छोटी गेम डिस्क) निवडून यंत्र कॉम्प्युटरला जोडलं की आत घातलेली तुमची डिस्क एका आयएसओ फाईलच्या, म्हणजे पूर्ण डिस्कच्या प्रतीच्या, रूपात दिसते. एका यूएमडीत जास्तीत जास्त १.८ जीबी मावतं, त्यामुळे फॅट३२ ची एका फाईलला असलेली ४ जीबीची हद्द आड येत नाही. फाईल कार्डावर ‘आयएसओ’ नावाच्या फोल्डरमध्ये ठेवली की गेम डिस्कशिवाय चालतो आणि दमलेली मोटर, म्हातारी लेझर यांना सुट्टी मिळते. स्वतः विकत घेतलेल्या प्रोग्रामची, तो नष्ट होऊ नये म्हणून घेतलेली प्रत कायद्याच्या कलम ५२ मध्ये मान्य आहे. मित्राची डिस्क त्यात बसत नाही, आणि प्रत काढून मूळ डिस्क विकणंही नाही.

यंत्र पुतण्याला किंवा भाचीला द्यायचं झालं तर पूर्ण बंद करा, कार्डावरचे ‘आर्क’चे दोन्ही फोल्डर पुसा आणि पुन्हा चालू करा, सिस्टिम इन्फर्मेशनमध्ये नुसतं ६.६१ किंवा ६.६० दिसेल. वापरात नसेल तर बॅटरी काढून वेगळी ठेवा, साधारण अर्धी भरलेली.