थाई चवीचं चिकन, गवती चहाच्या जुडीवर

ऑफिसातून येऊन थाई चिकन करायचं तर करी पेस्टची बाटली महाग पडते आणि उरलेली फ्रीजमध्ये कुजते. ठाण्यात स्टेशनबाहेरच्या भाजीवाल्याकडची गवती चहाची जुडी घ्या, काम भागतं.

१. लसूण, आलं, हिरव्या मिरच्या आणि कोथिंबिरीचे देठ (पानं नकोत, खरी चव देठात) जाडसर वाटा.
२. वाटण तेलात परतून पाव किलो बोनलेस चिकनचे पातळ काप घाला. पातळच हवेत, म्हणजे पटकन शिजतात.
३. गवती चहाची सहा-सात पानं ठेचून त्यांची गाठ मारा. गाठ, २०० मिली नारळाचं दूध, चमचाभर सोया सॉस आणि चिमूटभर गूळ घालून मंद आचेवर दहा मिनिटं ठेवा. जुडीला बुडखा असेल तर तोही ठेचून टाका, वास त्यातच जास्त.
४. गॅस बंद करून लिंबू पिळा, थोडी साल किसून घाला. हिरवीच, पांढरा भाग कडू.

सोबत आंबेमोहोर भात झकास.

नारळाचं दूध खळखळ उकळू देऊ नका, फाटतं. आणि वाढण्याआधी गाठ आठवणीने काढा. पानांच्या कडा धारदार असतात.