शनिवारच्या चिलीची तयारी गुरुवारपासून

शनिवारी रात्री घरी सहा-सात जण जेवायला असतील तर माझी चिलीची, म्हणजे राजमा, टोमॅटो आणि मिरचीच्या वाटणाच्या घट्ट रश्श्याची, तयारी गुरुवारी संध्याकाळीच सुरू होते, कारण या पदार्थाचं निम्मं काम गॅस पेटवायच्या आधीचं असतं आणि ते चुकलं की वरून कितीही चीज किसा, दाणा दाताखाली कचकचतोच. श्रावणात आमच्याकडे नॉनव्हेज बंद, कांदा-लसूण मात्र चालतं, त्यामुळे बाहेर पाऊस आणि आत टोपभर चिली हे महिन्यात दोनदा तरी होतंच.

गुरुवारी ऑफिसवरून येताना ठाणे स्टेशनला उतरलं की आधी जांभळी नाक्याला जायचं आणि राजमा घ्यायचा. घरात डब्यात आहे थोडा म्हणून तोच वापरू असं करू नका, हे मी खूप कळकळीने सांगतेय. मागच्या वर्षी मी दिवाळीत आणलेला राजमा जुलैत काढला, रात्रभर भिजवला, बारा शिट्ट्या केल्या तरी दाणे टणक ते टणकच, आणि पाहुणे दारात. कडधान्य उष्ण आणि दमट हवेत महिनोन् महिने पडून राहिलं की आतून असं काही घट्ट होतं की मग ते नीट शिजतच नाही, आणि ठाण्याची हवा कशी आहे ते आपल्याला माहितीये. म्हणून ज्या दुकानात माल भराभर खपतो तिथूनच घ्यायचा. सात जणांना ३०० ग्रॅम लाल राजमा आणि १०० ग्रॅम वाघ्या घेवडा असं माझं प्रमाण. वाघ्या घेवडा म्हणजे साताऱ्याकडचा, कोरेगाव भागातला, अंगावर लालसर पट्टे असलेला, जीआय मानांकन (त्या भागाचंच खास पीक अशी अधिकृत ओळख) मिळालेला, चवीला इतका गोडसर आणि मऊ की अमेरिकेतले टेक्सासवाले पिंटो बीन्स (ठिपकेदार राजमा) घालतात त्या जागी मला हाच आवडतो. नाही मिळाला तर चित्रा राजमा घ्या.

तिथेच पुढे मिरची घ्यायची, आणि यात कंजूषी नको. चिली हे नावच मिरचीवरून आलंय. आपण सरसकट मेक्सिकन म्हणतो पण हा प्रकार टेक्सासकडचा, एकोणिसाव्या शतकात सॅन अँटोनिओच्या चौकांत मेक्सिकन वंशाच्या बायका संध्याकाळी टोप मांडून बसायच्या आणि गरम गरम विकायच्या, लोक त्यांना चिली क्वीन्स म्हणायचे. १९७७ मध्ये टेक्सासने चिलीला राज्याचा अधिकृत पदार्थच करून टाकलं. तिथल्या जुन्या मंडळींच्या चिलीत मांस आणि मिरचीच असते, बीन्स घातलेले त्यांना अजिबात चालत नाहीत, पण राजमासुद्धा मूळचा अमेरिका खंडातलाच, मिरची, टोमॅटो आणि मक्यासारखा, त्यामुळे आपण निर्धास्त घालावा. रंगाला ८ ब्याडगी, तिखटाला २ संकेश्वरी. तयार चिली पावडर, म्हणजे अमेरिकन पद्धतीची, आपलं लाल तिखट नव्हे, शक्यतो नकोच, त्या डबीत नुसती मिरची नसते, जिरं, लसूण, ओरेगॅनो सगळं आधीच मिसळलेलं असतं आणि मग आपल्या अंदाजाने काहीच ठरवता येत नाही.

शुक्रवारी रात्री जेवणं झाली की भिजवायचं. राजमा आणि घेवडा वेगवेगळ्या भांड्यात, कारण घेवडा लवकर शिजतो, भरपूर पाणी आणि त्यात दोन चमचे मीठ. मीठ घातलं की कडधान्य शिजत नाही असं आईपासून सगळे सांगतात पण भिजवताना घातलेल्या मिठाने उलट साल मऊ होतं, मी दोन्ही करून बघितलंय. उकाडा असेल तर भांडी फ्रिजमध्ये ठेवा, ओट्यावर ठेवली तर सकाळी फेस येतो आणि आंबूस वास लागतो.

सकाळी ते पाणी सगळं ओतून द्या, दाणे धुवून घ्या. हे नुसतं स्वच्छतेसाठी नाही बरं का, कच्च्या लाल राजम्यात लेक्टिन नावाचा विषारी घटक असतो, अर्धवट शिजलेले चार-पाच दाणे पोटात गेले तरी काही तासांत उलट्या सुरू होऊ शकतात. म्हणून उघड्या टोपात १० मिनिटं खळाखळा उकळून ते पाणीही ओतून द्यायचं, आणि मग ताजं पाणी घालून कुकरला ५ शिट्ट्या, नंतर मंद आचेवर १५ मिनिटं. कुणाकडे स्लो कुकर असेल तर त्यात कच्चा राजमा थेट टाकू नका, मंद तापमानात तो विषारी घटक जात नाही. घेवड्याला ३ शिट्ट्या पुरतात. दाणा जिभेने टाळूवर दाबला की चुरला पाहिजे, तोवर टोमॅटोशी गाठ नाही, आंबटाने दाणा मऊ व्हायचा थांबतो. शिजवलेलं पाणी मात्र ठेवायचं, तीच आपली ग्रेव्ही.

दुपारी मिरचीचं काम. खिडक्या उघडा, पोरांना आतल्या खोलीत पाठवा, ठसका लागतो. मिरच्यांचे देठ-बिया काढून तव्यावर काही सेकंदच परतायच्या, काळ्या झाल्या की सगळी चिली कडू होते. मग गरम पाण्यात २० मिनिटं भिजवून ८-१० लसूण पाकळ्या आणि भाजलेलं २ चमचे जिरं घालून मिक्सरला अगदी बारीक वाटायचं. टोमॅटो ७५० ग्रॅम, कांदे ३ मोठे, ढोबळी मिरची २, मक्याची कणसं २, हे सगळं चिरून-सोलून डब्यात तयार. ओरेगॅनो एक चमचा, पिझ्झाबरोबर आलेल्या पुड्या घरात साठलेल्या असतातच. कोको पावडर अर्धा चमचा, बिनसाखरेची. आणि कोळशाचा एक तुकडा, तो विसरू नका! तिकडे धुरावर सुकवलेली चिपोटले मिरची घालतात, तो वास आपल्याला निखाऱ्यावर तेलाचे थेंब सोडून धुंगार दिला की मिळतो.

संध्याकाळी ६ ला जाड बुडाच्या टोपात कांदा चांगला तांबूस, मग वाटण तेल सुटेपर्यंत, मग टोमॅटो, ढोबळी मिरची, आणि टोमॅटो पूर्ण गळला की राजमा-घेवडा त्यांच्या पाण्यासकट. ओरेगॅनो, मीठ, कोको घालून मंद आचेवर ४० मिनिटं, अधूनमधून तळापासून ढवळत. मका शेवटच्या दहा मिनिटांत. पातळ वाटली तर वाटीभर दाणे डावाने चेचून परत टोपात टाका. धुंगार गॅस बंद केल्यावर, निखाऱ्याची वाटी टोपात ठेवून, झाकण घट्ट, पाच मिनिटं.

वरून घ्यायला दह्याचा चक्का, चिरलेली कोथिंबीर, कच्चा कांदा, लिंबाच्या फोडी, किसलेलं चीज, हे आधीच वाट्यांमध्ये काढून ठेवा कारण लोक आले की हात रिकामे नसतात. पाव आणलेले असतातच, पण सासूबाईंनी एकदा ज्वारीच्या भाकरीबरोबर खाल्ली आणि तेव्हापासून आमच्याकडे चिलीला भाकरीच होते, म्हणून पीठ ताजं दळलेलं आहे ना तेही गुरुवारीच बघून ठेवते. उरली तर दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये. रविवारी ती जास्तच मुरलेली आणि घट्ट झालेली असते, गरम करताना अर्धा कप उकळतं पाणी घाला आणि वर लिंबू नव्याने पिळा.