परसबागेतील टोमॅटो: रोप तयार करताना आणि लावताना घ्यावयाची काळजी

परतीचा पाऊस ओसरून जमिनीला वाफसा (मशागतीस योग्य ओल) आला की परसबागेत टोमॅटो लावण्याचे दिवस सुरू होतात. टोमॅटो महाराष्ट्रात वर्षभर घेतला जात असला, तरी घरच्या बागेसाठी हाच हंगाम सर्वांत सोपा असतो. रात्रीचे तापमान 15 ते 20 अंश सेल्सिअसच्या आसपास असताना फळधारणा चांगली होते आणि दिवसाचे तापमान 35 अंशांपुढे गेले की फुले गळू लागतात. त्यामुळे सप्टेंबरअखेर ते ऑक्टोबरच्या पहिल्या पंधरवड्यात बी टाकून, ऑक्टोबरचा उकाडा उतरत असताना रोपे कायमच्या जागी लावावीत, म्हणजे फुलोरा थंडीत येतो.

बियाण्यासाठी बाजारातील टोमॅटो पिळून बिया काढण्याची पद्धत घरोघरी आहे. ती चुकीची नाही. मात्र बाजारातील फळ बहुधा संकरित वाणाचे असल्याने त्याच्या बियांपासून मूळ झाडासारखेच झाड मिळण्याची खात्री नसते. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाचे धनश्री आणि भाग्यश्री हे सरळ (संकरित नसलेले) वाण असून त्यांचे बी पुढील हंगामासाठी घरी राखता येते. बंगळूरच्या भारतीय बागवानी संशोधन संस्थेचा अर्का रक्षक हा संकरित वाण पर्णगुच्छ (पाने चुरडणारा विषाणूजन्य रोग), जिवाणूजन्य मर आणि लवकर येणारा करपा या तिन्ही रोगांना प्रतिकारक आहे. ज्यांच्या बागेत मागील वर्षी पाने चुरडून झाडे बसली होती, त्यांनी त्याचा विचार करावा.

बी कोकोपीट आणि गांडूळखत भरलेल्या ट्रेमध्ये किंवा उथळ कुंडीत अर्धा ते एक सेंटिमीटर खोल पेरावे व झारीने हलके पाणी द्यावे. साधारण आठवडाभरात अंकुर दिसू लागतात. या टप्प्यावर रोपे कोलमडण्याचे मुख्य कारण म्हणजे जास्तीचे पाणी. जमिनीलगतचे देठ पाणचट होऊन रोप आडवे पडते आणि एकदा पडलेले रोप पुन्हा उभे राहत नाही. म्हणून माध्यमाचा वरचा थर किंचित सुकल्याशिवाय पुढचे पाणी देऊ नये. पेरणीपूर्वी माध्यमात ट्रायकोडर्मा ही उपयुक्त बुरशी मिसळल्यास अधिक चांगले. ट्रेवर बारीक छिद्रांची नायलॉन जाळी पहिल्या दिवसापासून घालावी. पर्णगुच्छाचा विषाणू पसरवणारी पांढरी माशी कोवळ्या रोपांवरच येऊन बसते, आणि या वयात रोग शिरलेल्या झाडाला पुढे कितीही खत घातले तरी धड फळ लागत नाही.

रोप 25 ते 30 दिवसांचे, 12 ते 15 सेंटिमीटर उंच आणि चार-पाच खऱ्या पानांचे झाले की पुनर्लागवडीस योग्य समजावे. नर्सरीत पिशवीतच फुले आलेले उंच रोप पाहून ते उचलण्याचा मोह होतो, तो टाळावा. अशा रोपाच्या मुळांचा जारवा पिशवीच्या तळाशी गोल फिरून अडकलेला असतो आणि नव्या जागी ते बराच काळ नुसते उभे राहते. बुटके, जाड खोडाचे, गर्द हिरवे रोप निवडावे. लागवडीपूर्वी चार-पाच दिवस पाणी कमी करून रोपांना टप्प्याटप्प्याने थेट उन्हाची सवय लावावी.

लागवड उन्हे उतरल्यावर करावी. जागा दिवसातून किमान सहा तास ऊन मिळणारी असावी आणि तेथे आधीच्या हंगामात वांगी, मिरची किंवा बटाटा नसावा, कारण या सर्वांचे जमिनीतील रोग सारखेच आहेत. दोन रोपांत 45 आणि दोन ओळींत 60 सेंटिमीटर अंतर ठेवावे. गच्चीवर प्रत्येक रोपाला निदान 15 लिटर मातीची स्वतंत्र कुंडी किंवा ग्रो बॅग द्यावी. एका कुंडीत दोन रोपे लावून दोन्ही खुरटवण्यात अर्थ नाही.

टोमॅटोच्या खोडाला मातीत गाडल्यावर मुळे फुटतात. खोडावर जी बारीक लव आणि मधूनमधून उंचवटे दिसतात, त्यांपैकी उंचवटे हे या मुळांचे कोंबच असतात. म्हणून खालची दोन पाने खुडून रोप वरच्या पानांच्या खालपर्यंत मातीत घ्यावे, आणि लांबलेले रोप असल्यास चर काढून ते तिरपे निजवावे व शेंडा तेवढा वर ठेवावा. यास दोन अपवाद आहेत. भारी काळ्या, पाणी धरून ठेवणाऱ्या जमिनीत खोल गाडलेले खोड कुजू शकते, तेव्हा तेथे गादीवाफा (उंच सपाट वाफा) करून बेतानेच खोली ठेवावी. आणि वांग्याच्या खुंटावर बांधलेल्या कलमी रोपाचा सांधा कधीही मातीखाली जाऊ देऊ नये.

लावताच पाणी द्यावे, तिसऱ्या-चौथ्या दिवशी आंबवणी करावी, म्हणजे दुसरे हलके पाणी द्यावे, आणि मेलेल्या रोपांचे नांगे आठवड्याच्या आत भरून घ्यावेत. बांबूची काठी लागवडीच्या वेळीच रोवावी, कारण नंतर रोवताना मुळे तुटतात. रोपांना हात लावण्यापूर्वी, विशेषतः तंबाखू मळणाऱ्यांनी, हात साबणाने स्वच्छ धुवावेत. तंबाखूतील मोझॅक विषाणू टोमॅटोवरही येतो. पाने वर वळून चुरडलेले रोप दिसल्यास ते उपटून नष्ट करावे.

झाडाच्या बुंध्याशी पालापाचोळ्याचे आच्छादन घालून ओल सारखी राखावी. चार दिवस कोरडे आणि पाचव्या दिवशी चिखल असे पाणी दिल्यास झाडाला कॅल्शियम नीट उचलता येत नाही आणि फळाच्या तळाशी काळा, खोलगट डाग पडतो. तो कीड किंवा करपा समजून औषध फवारण्यापूर्वी पाण्याच्या पाळ्या तपासाव्यात.