पोलादी दार खालून कापताना पत्रा सरळ कसा राहील

बाहेरचे पोलादी दार चौकटीपेक्षा 1–2 सेंटीमीटर उंच भरले, तर ते खालूनच कापावे, कारण बिजागऱ्या आणि कुलपाच्या खाचा त्यामुळे जागच्या हलत नाहीत.

1. दार बिजागऱ्यांतून काढून आडवे ठेवावे आणि दोन्ही बाजूंना मास्किंग टेप लावून, वरच्या कडेपासून मापे घेत, टेपवरच रेघ आखावी. टेपमुळे रंग खरवडला जात नाही.

2. ग्राइंडरला 1 मिलिमीटर जाडीची कटिंग डिस्क लावून आधी एका बाजूचा पत्रा कापावा, मग दार उलटून दुसऱ्या बाजूचा. एका दमात आरपार कापण्याचा मोह टाळावा. पत्रा मिलिमीटरभरही जाड नसतो, त्यामुळे हलका हात पुरतो आणि आतला फोमही तापत नाही. उरलेला फोम करवतीने कापावा.

3. खालची पट्टी कापलेल्या तुकड्यासोबत निघून येते. तिच्याच मापाची लाकडी पट्टी, फोम तेवढा कोरून, दोन पत्र्यांमध्ये चिकटवावी; हे टाळल्यास दाराची खालची कड लवचिक राहते आणि पाणी आत शिरते.

4. कडा कानसेने घासून, उघड्या पत्र्याला त्याच दिवशी गंजरोधक प्रायमर लावावा आणि सांधे सिलिकॉनने बुजवावेत.

ठिणग्यांनी फोम पेटू शकतो, म्हणून चष्मा व हातमोजे घालून, पाण्याची बादली जवळ ठेवूनच काम करावे. अग्निरोधक प्रमाणित दार मात्र मुळीच कापू नये.